पेटी आली का? (रिळं गेली, डिजिटल आलं, तुमच्याकडे काय झालं?)

केबिनमधला_पोरगा
सोमवार, रात्री ९.४०

नमस्कार मंडळी, बरेच दिवस नुसता वाचनमात्र होतो, आज लिहायचं कारण म्हणजे रविवारी माळा आवरताना तात्यांची पत्र्याची पेटी सापडली. तात्या म्हणजे माझे वडील, सातारा जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या थेटरात ३१ वर्षं ऑपरेटर होते. पेटीत काय तर फिल्म जोडायचा स्प्लायसर, फिल्म चिकटवायच्या सिमेंटची वाळून दगड झालेली बाटली, पाच-सहा अर्धवट जळालेल्या कार्बनच्या कांड्या (मशीनचा उजेड त्या पेटवूनच पडायचा) आणि वीतभर फिल्मचा तुकडा. माझा भाचा आठवीत आहे, त्याने तो तुकडा ट्यूबलाइटसमोर धरला आणि विचारलं मामा हे सगळे फोटो सेमच आहेत की. मोजले तर १२ भरले. म्हणलं बाबा हा अर्ध्या सेकंदाचा पिक्चर आहे. सेकंदाला २४, म्हणजे दीड फूट फिल्म दर सेकंदाला मशीनमधून खाली जायची, २ हजार फुटाचं रीळ जेमतेम २२ मिनिटं पुरायचं.

त्याला पुढचं सांगताना मलाच लहानपण आठवलं. केबिनमध्ये दोन मशिनी शेजारी शेजारी. एक चालू असताना दुसरीत पुढचं रीळ भरून ठेवायचं, कार्बन पेटवून ठेवायचा, आणि मग भोकातून पडद्याच्या उजव्या वरच्या कोपऱ्याकडे बघत उभं राहायचं. तिथं एक ठिपका चमकून जायचा, तो दिसला की दुसऱ्या मशीनची मोटर सुरू, मग सातेक सेकंदांनी दुसरा ठिपका, की खटकन इकडची झडप बंद तिकडची उघडी. खाली बसलेल्या आठशे माणसांना कळायचंही नाही. चुकलं तर पडदा पांढराफेक आणि खालून शिट्ट्या आणि "ए ऑपरेटर झोपला का" आणि आईबहीण, ते वेगळं. तात्यांच्या शर्टांना कायम बारीक जळकी भोकं असायची. आई म्हणायची हा माणूस सिनेमा दाखवतो का वेल्डिंग करतो.

मग थेटरवर उपग्रहाची छत्री बसली, केबिनमध्ये डिजिटल मशीनचा एक डबा आला, आणि दोन्ही मशिनी भंगारवाल्याने किलोवर नेल्या. तात्या पुढची दोन वर्षं बटण दाबायला जात होते, मग थेटरच बंद झालं, आता तिथे मंगल कार्यालय आहे.

मला नुसता गळा काढायचा नाहीये. इथे या लायनीतले बरेच लोक आहेत हे माहितीय. डिजिटल आल्यावर तुमच्या कामात नक्की काय बदललं ते खरं खरं लिहा, चांगलं वाईट दोन्ही.

सुमी_पुणे
सोमवार, रात्री ९.५५

मस्त लिहिलंय. वेल्डिंग 😂 वाचतेय.

पडदा_मालक
सोमवार, रात्री १०.३०

लेख आवडला पण थेटर चालवणाऱ्याची बाजू कोणीतरी मांडायला पाहिजे म्हणून लिहितो. तात्यांना नमस्कार सांगा, असे ऑपरेटर आमच्याकडेही होते आणि त्यांच्याशिवाय पान हलायचं नाही हे मान्य.

पण राव ते दिवस आठवा. एक प्रिंट, म्हणजे पिक्चरची रिळांवरची एक प्रत, काढायला पन्नास-साठ हजार लागायचे. मराठी पिक्चरवाला काढून काढून किती काढणार, पंधरा-वीस. त्या आधी पुणे, मुंबई, कोल्हापूर, नाशिक फिरणार, आमच्या तालुक्याला येईपर्यंत तिसरा महिना. तोवर बाजारपेठेत वीस रुपयाला सीडी. आणि आलेली प्रिंट कशी, तर पिक्चरभर ओरखड्यांचा पाऊस पडतोय. मधेच हिरॉइन दारात उभी आहे ती एकदम विहिरीवर, कारण मधलं तुटलेलं कुठल्यातरी गावात कापून जोडलेलं. गाण्यांमधले चांगले चांगले तुकडे तर ऑपरेटर मंडळीच संग्रहाला काढून घ्यायची, तात्यांच्या पेटीतला तुकडा कुठून आला विचारा जरा 😉

वर प्रिंटबरोबर वितरकाचा रिप्रेझेंटेटिव्ह यायचा, त्याचं जेवण, लॉज, संध्याकाळची सोय आपल्याकडे, आणि तोच रात्री आपल्या तिकिटाच्या स्टबा मोजून डीसीआर, म्हणजे रोजच्या गल्ल्याचा हिशेब, भरणार.

२००५ला यूएफओ नावाच्या कंपनीने उपग्रहावरून पिक्चर पाठवायला सुरुवात केली, आमच्याकडे ते दोन-तीन वर्षांनी आलं. पहिल्यांदा शुक्रवारी सकाळी मुंबईत जो पिक्चर लागला तोच, त्याच दिवशी, तसाच स्वच्छ आमच्या पडद्यावर बघितला तेव्हा खरं सांगतो अंगावर काटा आला. सैराटच्या वेळी साताऱ्याकडे रात्री बाराचे आणि पहाटे तीनचे खेळ लावावे लागले होते, रिळांच्या पेट्यांच्या जमान्यात हे झालंच नसतं, एवढ्या पेट्या आणणार कुठून.

आता कडू बाजू. मशीन आपलं नाही, भाड्याचं. दर खेळाचे पैसे द्यायचे. पडद्यावरच्या जाहिराती वरूनच ठरून येतात, त्यातला आपला वाटा ते म्हणतील तो. पूर्वी गावातल्या सराफाची स्लाइड लावायचो, "अमुक यांच्याकडे लग्नबस्ता मिळेल" वगैरे, त्यात महिन्याचं लाइट बिल निघायचं. ते आता आपल्या हातात राहिलेलं नाही.

केबिनमधला_पोरगा
सोमवार, रात्री १०.४८

@पडदा_मालक, तात्यांना विचारलं तुकड्याचं. "खाली पडलेला उचलला" म्हणतात. मी पुढे काही विचारलं नाही.

भुक्कड
सोमवार, रात्री ११.१०

मालक, तंत्रज्ञान राहूद्या, सामोशाचे भाव कधी डिजिटल करताय

डीसीपी_ताई
मंगळवार, दुपारी १.१५

मी अंधेरीला आहे, गेली दहा-अकरा वर्षं हेच काम, म्हणजे तयार झालेला सिनेमा थेटरात चालेल अशा रूपात पॅक करायचा आणि पाठवायचा. त्या पॅकेटला डीसीपी म्हणतात, म्हणून हे नाव.

लोकांना वाटतं डिजिटल म्हणजे युट्यूबसारखी एक फाइल. तसं नसतं. डीसीपीत प्रत्येक चौकट वेगळं चित्र म्हणूनच ठेवलेली असते, १४० मिनिटांचा पिक्चर असेल तर २ लाख १ हजार ६०० चित्रं, आवाज वेगळा, सबटायटल वेगळी. सगळं मिळून दीड-दोनशे जीबी होतं. म्हणजे तात्यांची पट्टी तशीच आहे हो, फक्त दिसत नाही.

पण खरा बदल कुलपात आहे. ही हार्डडिस्क कोणाच्याही हातात पडली तरी उपयोग शून्य. ती उघडायला किल्ली लागते, केडीएम म्हणतात, आणि किल्ली त्या एका थेटरातल्या त्या एका मशीनसाठीच बनते, शेजारच्या पडद्यालाही चालत नाही. वर तिला मुदत. अमुक तारखेला अमुक वाजता सुरू, अमुक वाजता संपली.

आता माझी फजिती सांगते. नवीन होते तेव्हा. किल्लीतली वेळ जागतिक वेळेत असते आणि आपण साडेपाच तास पुढे. मी एका थेटरच्या किल्लीला सकाळी ९ टाकलं, ९च टाकलं, साडेपाच वजा करायचे विसरले. म्हणजे ती किल्ली आपल्या दुपारी अडीचला उघडणार. शुक्रवारी सकाळी नऊचा खेळ, हाउसफुल्ल, हिरो स्वतः ढोलताशा घेऊन आलेला, आणि मशीन म्हणतंय थांबा. मला फोन आला तेव्हा मी लोकलमध्ये, कांदिवली आणि बोरिवलीच्या मधे, उभी. तशीच उतरून प्लॅटफॉर्मवरून ऑफिसला फोन लावून नवीन किल्ली बनवून मेल करायला लावली. मग थेटरवाला म्हणतो आमच्या केबिनमधला नेट चालत नाहीये मॅडम, मग कोणाच्यातरी मोबाइलवर उतरवून, पेनड्राइव्हवर टाकून... खेळ नऊ पन्नासला सुरू झाला. चूक माझीच. त्या दिवसापासून माझ्या टेबलावर दोन घड्याळं आहेत.

केबिनमधला_पोरगा
मंगळवार, दुपारी २.०५

ताई, हे मला खरंच माहीत नव्हतं. आता कळतंय तात्या त्या डब्याला "हा आपला न्हाय" का म्हणायचे.

पूर्वी पेटी केबिनमध्ये आली की खेळ आमचा. पेटी एसटीने यायची, मी सायकल घेऊन स्टँडवर उभा, कंडक्टर टपावरून खाली द्यायचा. "पेटी आली का" हा आमच्या घरात शुक्रवारी सकाळचा पहिला प्रश्न, चहाच्या आधी. एकदा शेजारच्या गावच्या थेटराला आणि आम्हाला मिळून एकच प्रिंट होती, तिकडचा खेळ पाऊण तास आधी सुरू करायचा, तिकडे पहिलं रीळ संपलं की मोटरसायकलवरून इकडे. मधे नदीवरचा पूल. एका रात्री पोराची गाडी पंक्चर झाली आणि तिसरं रीळ आलंच नाही, तात्यांनी सरळ चौथं लावलं! बाहेर पडताना एक म्हातारी म्हणाली पिक्चर चांगला होता पण त्याची बायको कधी मेली ते कळलं नाय.

फोकस_पुलर
मंगळवार, सायंकाळी ७.२०

कॅमेऱ्याच्या बाजूचं मी लिहितो. १९९८ला असिस्टंट म्हणून लागलो, म्हणजे अर्धं आयुष्य फिल्मवर अर्धं डिजिटलवर.

४०० फुटी मॅगझिन, म्हणजे कॅमेऱ्यावरचा फिल्मचा डबा, म्हणजे ४ मिनिटं २६ सेकंद. संपलं. ती भरायची कशी तर काळ्या बॅगेत दोन्ही हात घालून, डोळ्याने काही दिसत नाही, सगळं बोटांनी. उन्हाळ्यात आत हाताला घाम, एक थेंब पडला तरी वाट. माझे गुरू फिल्म लोड करताना कोणाशी बोलायचे नाहीत, बोललात तर शिव्या. शॉट झाला की कॅमेऱ्याचं गेट, जिथून फिल्म सरकते ते, उघडून बघायचं, बारीक केसभर कचरा दिसला तरी परत शॉट. आणि कॅमेरा चालू झाला की त्याची ती घरघर, ती ऐकू आली की पन्नास माणसांचं युनिट चिडीचूप. प्रत्येकाला माहीत की आता पैसे जळतायत. नटसुद्धा त्या आवाजावर वेगळा उभा राहायचा, हे मी शपथेवर सांगतो.

आता दिग्दर्शक कट म्हणतच नाही. "चालू ठेवा, परत पहिल्यापासून घ्या, चालू ठेवा." चाळीस मिनिटं एक टेक. पूर्वी निर्माता एका शॉटमागे फार तर चार टेकची फिल्म द्यायचा, म्हणून आदल्या दिवशी तालीम व्हायची. आता तालीमच शूट करतात.

आणि मॉनिटर! पूर्वी शॉट कसा आला ते फक्त कॅमेरामनला माहीत, रश, म्हणजे धुतलेले कच्चे शॉट, लॅबमधून तीन-चार दिवसांनी यायचे तोवर सगळे देव पाण्यात घालून. आता मॉनिटरसमोर बारा खुर्च्या, आणि निर्मात्याचा मेहुणापण सांगतो की स्काय जरा ब्लू पाहिजे.

तरी खोटं कशाला बोलू, २०१०ला अलेक्सा नावाचा डिजिटल कॅमेरा आला आणि पहिल्यांदा रात्रीचा शॉट बघितला, कंदिलाच्या उजेडात चेहरा, मागच्या भिंतीचा पोपडासुद्धा दिसत होता. फिल्मवर हे करायला दोन जनरेटर लागले असते. मग सगळं भराभर झालं, २०११च्या सुमाराला मोठ्या कंपन्यांनी फिल्मचे नवे कॅमेरे बनवणं थांबवलं, २०१३ला फुजीने शूटिंगची फिल्म बंद केली, राहिली कोडॅक. माझी काळी बॅग अजून आहे. मुलगी तिच्यात लोकर ठेवते.

बीडचा_शॉर्टफिल्मवाला
मंगळवार, रात्री ११.५५

काका आदर आहे, पण ही शिस्त-शिस्त ऐकून ऐकून कान किटले. त्या शिस्तीच्या काळात आमच्यासारख्या पोराला सेटवर चहा तरी आणू दिला असता का. माझा बाप ऊसतोडीला जातो. मी पहिली शॉर्टफिल्म मित्राच्या लग्नाच्या ऑर्डरच्या कॅमेऱ्यावर केली, तो शनिवारी रविवारी लग्न मारायचा, सोमवार ते शुक्रवार कॅमेरा माझा. एडिटिंग आणि कलर फुकटच्या सॉफ्टवेअरवर, रिझॉल्व्हवर, कॉलेजच्या लॅबमधल्या पीसीवर रात्रभर. सगळं मिळून खर्च अकरा हजार, त्यातले चार हजार जेवणाचे.

४०० फुटी फिल्मचा एक डबा विकत घ्यायचा आणि धुवायचा म्हणजे तेव्हा माझ्या घरात किती दिवसांचा पगार झाला असता सांगा. ज्यांच्याकडे पैसा होता त्यांनाच चुकायची परवानगी होती. मी ४० मिनिटांचा टेक घेतो कारण माझी नटी म्हणजे माझी चुलती, तिला कॅमेरा विसरायलाच पंचवीस मिनिटं लागतात, त्यानंतर जे येतं ते कुठल्या तालमीत येणार नाही.

फोकस_पुलर
बुधवार, सकाळी ८.०५

बरोबर बोललास. चुलतीचं मला पटलं. फिल्म दाखव कुठे असेल तर, लिंक व्यनि (खासगी निरोप) कर.

कात्रीवाली
बुधवार, सकाळी ११.३०

४० मिनिटांचे टेक ज्यांना बघावे लागतात त्यांच्यापैकी एक मी 🙋‍♀️ एडिटर. दिवसाला आठ-आठ तास फुटेज येतं, नुसतं बघायलाच आठ तास, मग कापायचं कधी.

मी स्टीनबेकवर शिकले. टेबलाएवढं मशीन, त्यावर आडव्या थाळ्या, फिल्म आणि आवाजाची पट्टी शेजारी शेजारी फिरायची. शॉट कापला की उरलेला तुकडा कापडाच्या मोठ्या डब्यावर खिळ्याला अडकवायचा, त्याच्यावर नंबर. दिग्दर्शक म्हणाला मघाशी कापलेल्या सहा चौकटी परत आण, की डब्यात डोकं घालून शोधा. गुडघ्यावर बसून सहा चौकटी शोधलेली बाई आहे मी. हरवल्या तर रडलेली पण. त्यामुळे कंट्रोल झेडची थट्टा माझ्यासमोर करायची नाही, मला परत जायचं नाही.

एकच गोष्ट. शॉट परत बघायचा तर फिल्म मागे गुंडाळावी लागायची, अर्धा मिनिट, एक मिनिट जायचं. त्या मिनिटात काही करता यायचं नाही, नुसतं बसायचं, आणि बसल्या बसल्या कळायचं की प्रॉब्लेम या शॉटमधे नाहीच, आधीच्या सीनमधे आहे. आता तो मिनिट मी मुद्दाम काढते, उठते, पाणी पिते. असिस्टंट पोरांना वाटतं मॅडमची शुगर वाढलीये.

आणि एका माणसाची आठवण कोणी काढत नाही, निगेटिव्ह कटर. आम्ही कापायचो ती कॉपी असायची. मूळ निगेटिव्ह, जी एकच, ती आमच्या कापण्यानुसार कडेचे नंबर जुळवून कापणारा वेगळा माणूस. पांढरे हातमोजे, पंखा बंद, खिडकी बंद. त्याची कात्री चुकली तर कोटीचा पिक्चर गेला. मी ज्यांना ओळखायचे त्यांच्या हाताखालून तीस वर्षं सिनेमे गेले, आणि डीआय आल्यावर, म्हणजे निगेटिव्ह स्कॅन करून पुढचं सगळं कम्प्युटरवर व्हायला लागलं तेव्हा, साधारण तीन वर्षांत त्यांचं काम शून्यावर आलं. नंतर ते विम्याचे हप्ते गोळा करायचे. हात मात्र शेवटपर्यंत तसेच, नखं कापलेली, स्वच्छ.

चावडी_नागपूर
बुधवार, दुपारी १२.१०

निगेटिव्ह कटरचं वाचून गप झालो बा. असं काम असते हेच माहित नव्हतं.

भुक्कड
बुधवार, दुपारी १२.४०

जुनं प्रोजेक्टर मशीन आहे का कोणाकडे विकायला, कॅफेत शोला ठेवायचंय, सीरियसली विचारतोय

पडदा_मालक
बुधवार, दुपारी १.००

@भुक्कड, व्यनि करा. सामोशाच्या भावात देणार नाही 😀

डबा_नंबर_७
बुधवार, रात्री ८.४५

जुने सिनेमे जपायच्या क्षेत्रात काम करतो, पुण्यात. एक गोष्ट या धाग्यात कोणीच बोललं नाही, ती म्हणजे पुढे काय.

फिल्म थंड कोरड्या खोलीत ठेवली तर शंभर वर्षं राहते, आणि शंभर वर्षांनी बघायला एक दिवा आणि एक भिंग पुरतं. हार्डडिस्क कपाटात ठेवून बघा पाच-सात वर्षं, फिरली तर नशीब. म्हणून लोक एलटीओ टेपवर, म्हणजे डेटा साठवायच्या चुंबकीय टेपवर, ठेवतात. पण दर दोन-चार वर्षांनी टेपची नवी पिढी येते आणि नवं मशीन फारच जुनी टेप वाचत नाही. सातव्या पिढीचं मशीन पाचव्या पिढीची टेप वाचायचं, आठव्याला मागची एकच वाचता येते. म्हणजे दर काही वर्षांनी सगळं जुन्यावरून नव्यावर उतरवत बसा, कायमचं. हॉलिवूडच्या ऑस्करवाल्या अकादमीने २००७ला हिशेब मांडला होता, एका सिनेमाची फिल्म जपायला वर्षाला १,०५९ डॉलर आणि तोच ४केमध्ये डिजिटल जपायला १२,५१४. तेव्हाचे आकडे आहेत, डिस्का नंतर स्वस्त झाल्या, पण ते उतरवत बसायचं काम काही सुटलं नाही.

आता इथली गोष्ट. एक निर्माते आले होते, २००० नंतरच्या दशकातला मराठी सिनेमा, व्हिडिओ टेपवर शूट केलेला, तेव्हा स्वस्त पडला म्हणून. मास्टर टेप आहे, पण ती चालवणारा डेक चालू स्थितीत मिळेना. मिळाला तेव्हा टेप जागोजागी अडकायला लागली. शेवटी पूर्ण सिनेमा कुठे मिळाला तर टीव्हीवरून कोणीतरी रेकॉर्ड केलेला, उजव्या कोपऱ्यात चॅनेलचा लोगो आणि एका भावुक प्रसंगावर "थोड्याच वेळात" अशी पट्टी सरकतेय. सिनेमा वीस वर्षांचाही नाही. आणि प्रभातचा १९३६चा संत तुकाराम मात्र आजही दाखवता येतो.

फिल्म अमर आहे असंही नाही म्हणत. भारतातला पहिला बोलपट आलमआरा, १९३१चा, त्याची एक प्रिंट शिल्लक नाही. पुण्यातच २००३च्या आगीत कितीतरी नायट्रेट रिळं, म्हणजे चटकन पेट घेणारी जुनी फिल्म, खाक झाली. रिळं चांदीसाठी धुवून विकली गेली. १९६४ला राष्ट्रीय फिल्म अर्काइव्ह (सिनेमे जपणारी सरकारी संस्था) सुरू झालं आणि पी. के. नायर नावाचा माणूस डबे गोळा करत देशभर हिंडला म्हणून जे वाचलं ते वाचलं. पण तेव्हा हिंडून मिळायला निदान डबे होते. पासवर्ड विसरलेल्या डिस्कसाठी कुठे हिंडणार.

तरुण मंडळींना हात जोडून सांगणं, @बीडचा_शॉर्टफिल्मवाला तुलाही, तीन प्रती ठेव, त्यातली एक दुसऱ्या गावात.

बीडचा_शॉर्टफिल्मवाला
बुधवार, रात्री ९.३०

सर आता भीती वाटायला लागली. माझी एकच कॉपी आहे आणि ती त्या लग्नवाल्या मित्राच्या डिस्कवर आहे जिच्यावर तो दर सीझनला जुनं उडवून नवीन लग्न टाकतो. निघालोच त्याच्याकडे.

एडिसनकर
गुरुवार, पहाटे ५.२०

न्यू जर्सीहून. इथे मंडळातर्फे मराठी सिनेमे दाखवायचो, पेट्यांच्या जमान्यात. अडीच तासाची प्रिंट म्हणजे तीसेक किलो, विमानाने यायची, कस्टममध्ये एकदा अधिकाऱ्याने डबा उघडून पट्टी उजेडात धरून तपासली होती, त्याला नऊवारीतली आजी दिसली आणि त्याने परत बंद केला. भाडं, प्रिंट, हॉल, सगळं मिळून तोटाच व्हायचा, तो बटाटेवड्याच्या स्टॉलवर काढायचो.

आता पुण्यात ज्या आठवड्यात लागतो त्याच आठवड्यात किंवा पुढच्या इथे मल्टिप्लेक्समध्ये, किल्ली मेलवर. पण खेळ कधीचा, तर रविवारी सकाळी १०.४५चा एकच, आणि शुक्रवारपर्यंत तिकिटं गेली नाहीत तर तोही रद्द. यायला सोपं झालं तसं उतरवायलाही सोपं झालं. तीस किलोची पेटी आणली की निदान लोकांना फोन करकरून बोलवायचो.

सबटायटल वेगळी फाइल असते ते डीसीपी_ताईंनी लिहिलं ते फार कामाचं. आमच्या पोरांना मराठी कळतं पण सगळं नाही.

तंबूतली_सावली
गुरुवार, सकाळी १०.१५

आमच्या मामांचा तंबू होता. टुरिंग टॉकीज. जत्रा ते जत्रा, पुसेगावला सेवागिरी महाराजांच्या यात्रेत तर पाच-सहा तंबू शेजारी शेजारी, प्रत्येकाचा भोंगा दुसऱ्यापेक्षा मोठा. ट्रकमधेच मशीन बसवलेलं आणि मशीन एकच, त्यामुळे ठिपका बिपका काही नाही, रीळ संपलं की अंधार, लोक बिड्या पेटवणार, तोवर दुसरं रीळ. त्या दोन-तीन मिनिटांत मामी शेंगदाण्याच्या पुड्या विकायच्या, ते उत्पन्न वेगळं.

मामांनी शेवटी डिजिटल प्रोजेक्टर घेतला. एका माणसाला उचलता येतो, डिझेल कमी, रीळ बदलायला नको. मामी म्हणाल्या मग शेंगदाणे कधी विकू. आणि दोन सीझनमध्ये लोकच यायचे कमी झाले, हातात मोबाइल आला ना. तंबू वाचवायला घेतलेलं यंत्र आणि तंबू बुडवणारं यंत्र एकाच सुमाराला गावात आलं.

आवाज_कोणाचा
गुरुवार, दुपारी ३.४०

डबिंग करतो, हिंदी-मराठी दोन्ही. सगळे कालचं लिहिताहेत, मी उद्याचं. पूर्वी प्रसंगाचा फिल्मचा लूप पडद्यावर गरागरा फिरत राहायचा, तो बघून वाक्य बसवायचं, दहा वेळा बोलावं लागलं तर दहा वेळा. आता एक एक वाक्य, अर्धं वाक्य, चुकलेला "ष" तेवढा बदलतात. छान आहे, घसा वाचतो.

पण हल्ली करारात बारीक अक्षरात एक ओळ येतेय, की रेकॉर्ड केलेला आवाज "भविष्यातील कोणत्याही तंत्रज्ञानासाठी" वापरता येईल. म्हणजे माझ्या आवाजावर मशीन शिकवायचं आणि पुढच्या वेळी मला बोलवायचंच नाही. अमेरिकेत २०२३ला नटमंडळींचा संप ११८ दिवस चालला त्यात हा मोठा मुद्दा होता. आपल्याकडे मी विचारलं तर कोऑर्डिनेटर म्हणाला सही करा हो सर, सगळे करतात. दोन वेळा मी ती ओळ पेनाने खोडून सही केली. एकदा काम मिळालं, एकदा नाही.

कात्रीवाली
गुरुवार, दुपारी ४.०५

@आवाज_कोणाचा ह्यावर वेगळा धागा काढा प्लीज, खूप लोकांना उपयोग होईल. खोडलेल्या ओळीचा फोटो काढून ठेवत जा.

केबिनमधला_पोरगा
शुक्रवार, रात्री १०.२०

मंडळी, आज जेवणानंतर तात्यांना सगळा धागा मोठ्याने वाचून दाखवला. दीड तास लागला कारण मधेमधे थांबवत होते. मोटरसायकलच्या किश्श्यात त्यांची दुरुस्ती आहे, तिसरं नाही चौथं रीळ आलं नव्हतं, आणि म्हातारी नव्हे तर मास्तर होते. कार्बनबद्दल मी काहीच लिहिलं नाही म्हणून रागावले. प्लसची कांडी जाड, मायनसची बारीक, प्लस लवकर जळते म्हणून जाड, आणि दोघींमधलं अंतर काळ्या काचेतून बघत हाताने राखायचं, जास्त झालं तर उजेड पिवळा पडतो, हे लिही म्हणाले. लिहिलं.

शॉर्टफिल्मवाल्याची डिस्क मिळाली का विचारतायत.

आणि डीसीपी_ताईंना त्यांचा एक प्रश्न आहे, जसाच्या तसा देतो: "किल्ली रात्री बाराला संपती आणि शेवटचा खेळ साडेबाराला सुटतो, मग शेवटचं रीळ कोण दाखवतं?"

बीडचा_शॉर्टफिल्मवाला
शुक्रवार, रात्री १०.३१

मिळाली तात्या. पूर्ण फिल्म आहे, दोन प्रती केल्या, तिसरी मावशीकडे परळीला पाठवतोय.

डीसीपी_ताई
शुक्रवार, रात्री १०.५०

तात्यांना नमस्कार, प्रश्न एकदम नेमका आहे, आमच्याकडे नवीन पोरं हे विचारतच नाहीत. खेळ मुदतीच्या आत सुरू झाला असेल तर तो पूर्ण करायची सवलत मशीनमध्ये असते, बारा वाजले म्हणून मधेच अंधार होत नाही. बारानंतर नवीन खेळ मात्र सुरू होत नाही.

केबिनमधला_पोरगा
शुक्रवार, रात्री ११.०२

सांगितलं. "मग ठीकाय" म्हणाले आणि झोपायला गेले.